वाचकांचे प्रश्न : काळ बिघडतो तेव्हा

मागील अंकात विज्ञानकथांमधील काळाच्या दुरुस्तीपथकांची ओळख करून देणारा लेख प्रसिद्ध झाला होता. काळाला कुठे तरी फट पडते, इतिहास भलत्याच वळणाला लागतो किंवा एखादा क्षण अडकून बसतो, आणि तो बिघाड शोधून निस्तरण्यासाठी काही माणसे नेमलेली असतात, असा या कथांचा साधारण साचा आहे. लेखावर बरीच पत्रे आली. एकाच विषयाला वेगवेगळ्या बाजूंनी भिडणारे काही प्रश्न निवडून, पत्रे थोडी आटोपशीर करून, येथे उत्तरांसह देत आहोत.

प्रश्न : माझा सारा जन्म घड्याळे दुरुस्त करण्यात गेला. घड्याळ मागे पडले तर दोष स्प्रिंगमध्ये किंवा चाकात असतो, काळात नसतो, हे मी गिऱ्हाइकांना नेहमी सांगत आलो. मग या कथांमध्ये खुद्द काळ बिघडतो म्हणजे नेमके काय होते? तो बिघाड ओळखतात तरी कसा?
— एक घड्याळजी, सांगली

उत्तर : आपण गिऱ्हाइकांना सांगत होतात तेच बरोबर आहे, आणि या कथांचे लेखकही ते जाणतात. म्हणूनच चांगला लेखक बिघाड थेट दाखवत नाही, त्याची लक्षणे दाखवतो. कथांची ढोबळमानाने दोन घराणी पडतात. एका घराण्यात काळाला जणू जाडी असते आणि ती कुठे तरी विरते. दुसऱ्यात काळ शाबूत असतो, परंतु त्याच्या आत घडलेली एखादी घटना बदललेली असते आणि तिच्यामागून सगळा इतिहास बदलतो.

पहिल्या घराण्याचा उत्तम नमुना म्हणजे १९७९ ते १९८२ या काळात ब्रिटनच्या आयटीव्ही वाहिनीवर दाखवली गेलेली ‘सफायर अँड स्टील’ ही मालिका. तिच्या पहिल्याच प्रकरणात जुन्या, एकाकी घरात आईवडील लहान मुलीला झोपवताना एक पिढीजात बालगीत म्हणून दाखवत असतात, तोच घरातील सर्व घड्याळे एकदम थांबतात आणि आईवडील नाहीसे होतात. घरभर घड्याळे आहेत आणि त्यांतील एकही बिघडलेले नाही, हे आपल्यासारख्या कारागिराला विशेष खटकेल. त्यानंतर सफायर आणि स्टील हे दोघे तेथे येतात. ते कोण आहेत, त्यांना कोणी पाठवले, हे मालिका अखेरपर्यंत नीटसे सांगत नाही. त्यांचे म्हणणे एवढेच असते की काळ हा एक लांबलचक बोळ आहे, त्याची भिंत काही ठिकाणी झिजते, आणि बाहेरचे काही तरी तेथून आत शिरू पाहते. भिंत झिजते ती बहुधा जुन्या वस्तू, जुनी गाणी आणि जुन्या सवयी यांचा नव्याशी संकर होतो तेथे. त्यामुळे या दोघांची तपासाची पद्धतही घरगुती आहे. सफायर एखादी वस्तू हातात घेऊन तिचे वय सांगते, स्टील खोलीतील काय जुने आणि काय नवे याचा हिशेब मांडतो, आणि गीताची कोणती ओळ पुन्हा उच्चारायची नाही याची ताकीद मुलांना दिली जाते. बिघाडाचे मोजमाप करणारे एकही यंत्र पडद्यावर दिसत नाही आणि तरीही, किंबहुना त्यामुळेच, घरातील जिन्याच्या वळणावर पाहणाऱ्याचा श्वास अडकतो.

दुसऱ्या घराण्याविषयी पुढील प्रश्नांच्या ओघात येईलच.

प्रश्न : समजा, कोणी भूतकाळात जाऊन इतिहास बदलला. मग बदललेल्या इतिहासात जन्मलेल्या सर्वांना तोच इतिहास खरा वाटणार. दुरुस्ती करणारी माणसेसुद्धा त्यातच असणार. मग इतिहास बदलला आहे हे त्यांना कळते कसे? आमच्या वर्गात यावरून वाद झाला आणि तो सुटला नाही.
— इयत्ता अकरावीची विद्यार्थिनी, परभणी

उत्तर : तुमच्या वर्गाने नेमकी तीच गाठ पकडली आहे, जी या प्रकारच्या प्रत्येक लेखकाला आधी सोडवावी लागते. ज्या तलाठ्याच्या दप्तरात मूळ नोंदच उरलेली नाही, त्याला सातबारावरील नाव चुकीचे आहे हे कळण्याचा मार्ग नसतो. तेव्हा मूळ नोंद बदलाच्या आवाक्याबाहेर कुठे तरी सुरक्षित ठेवलीच पाहिजे. ती कुठे ठेवायची, यावरून कथेचा सारा स्वभाव ठरतो.

अमेरिकन लेखक पोल अँडरसन यांनी १९५५ मध्ये ‘टाइम पॅट्रोल’ या कथामालेला सुरुवात केली. काळाचा पहारा करणारे हे दल आहे, आणि त्याची प्रशिक्षण प्रबोधिनी ऑलिगोसीन युगात, म्हणजे माणसाचा मागमूसही नसलेल्या काळात वसवलेली आहे. यामागचा युक्तिवाद सरळ आहे. एखाद्याने रोमच्या काळात इतिहास बदलला, तर त्यापुढचे सारे बदलेल, पण त्याआधीचे काही बदलणार नाही. त्यामुळे कोट्यवधी वर्षे मागे बसलेल्या माणसाच्या डोक्यातील जुना इतिहास शाबूत राहील. याच मालेतील ‘डेलेंडा एस्ट’ या कथेत नायक मॅन्स एव्हरार्ड हा प्लाइस्टोसीन काळातील, म्हणजे हिमयुगातील, पिरेनीज पर्वतात सुट्टी घालवत असतो. सुट्टी आटोपून तो सहकाऱ्यासह विसाव्या शतकातील न्यूयॉर्कला जायला निघतो आणि पोहोचतो ते ज्या शहराची भाषा, वेश आणि देव यांतील काहीच ओळखीचे नाही अशा शहरात. तो वाचला याचे श्रेय त्याच्या हुशारीकडे जात नाही, सुट्टीवर तो फार मागे गेला होता एवढेच त्याचे कारण आहे. वर्गातील वादात हा दाखला देऊन पाहा.

आयझॅक आसिमॉव यांनी त्याच वर्षी प्रसिद्ध झालेल्या ‘द एंड ऑफ इटर्निटी’ या कादंबरीत दुसरा मार्ग काढला. त्यांची ‘इटर्निटी’ ही संस्था काळाच्या बाहेरच उभी आहे. शतकांच्या समांतर ती एखाद्या उंच इमारतीसारखी वर वर जाते आणि तिचे कर्मचारी शतकागणिक मजले चढल्यासारखे ये-जा करतात. आतील माणसाला बाहेरचा बदल लागत नाही. मात्र याची किंमतही आसिमॉव लपवत नाहीत. कर्मचाऱ्याला लहान वयातच त्याच्या शतकातून उचलून आणलेले असते आणि त्याला घरी परतता येत नाही, कारण पुढच्या एखाद्या बदलानंतर ते घर, ती आई अस्तित्वात असेलच याची शाश्वती नसते.

प्रश्न : वकिली पेशामुळे असेल, मला या कथांतील एक गोष्ट फार बोचते. इतिहास ‘दुरुस्त’ केला की बदललेल्या जगातील कोट्यवधी माणसे नाहीशी होतात. त्यांचा अपराध काय? त्यांची बाजू कोणी ऐकून घेते का? आणि मूळ इतिहास हाच योग्य इतिहास, हा निवाडा कोणी दिला?
— एक वाचक, नागपूर

उत्तर : या विषयावर आलेल्या सर्व पत्रांत हा प्रश्न आम्हाला सर्वांत मोलाचा वाटला, आणि आमच्या मते या प्रकारच्या कथेची खरी कसोटी येथेच लागते. ज्या कथेत दुरुस्ती म्हणजे केवळ चोर-पोलिसांचा पाठलाग असतो, तिच्यात यंत्रे कितीही चकचकीत असली तरी ती वाचून झाल्यावर हाताशी काही उरत नाही.

वर उल्लेखलेली ‘डेलेंडा एस्ट’ पुन्हा घेऊ. कथेतील गुन्हेगार रोम आणि कार्थेज यांच्यातील दुसऱ्या प्युनिक युद्धात हस्तक्षेप करून कार्थेजला जिंकून देतात. त्यासाठी अँडरसन यांनी निवडलेला क्षण इतिहासाच्या अभ्यासकालाही दाद द्यावीशी वाटेल असा आहे. इसवी सन पूर्व २१८ मध्ये उत्तर इटलीत टिसिनस नदीजवळ कार्थेजचा सेनापती हॅनिबल याच्या घोडदळाशी रोमनांची चकमक झाली. रोमन सेनापती स्किपिओ त्यात जखमी झाला आणि त्याच्या कोवळ्या वयाच्या मुलाने त्याला वाचवले, असे जुने इतिहासकार सांगतात. हाच मुलगा पुढे इसवी सन पूर्व २०२ मध्ये झामा येथे हॅनिबलचा पराभव करणारा स्किपिओ आफ्रिकानस होय. कथेत हे बापलेक टिसिनसलाच मारले जातात. मग रोमचे साम्राज्य उभे राहत नाही आणि युरोपचा पुढचा सारा इतिहास वेगळ्या वाटेने जातो.

एव्हरार्ड त्या वेगळ्या विसाव्या शतकात काही काळ राहतो. तेथील एक विदुषी त्याला मदत करते, त्याच्याशी बोलते. तिच्या जगात त्याच्या जगापेक्षा काही गोष्टी वाईट आहेत, परंतु ते जग नरक मुळीच नाही. तेथेही माणसे संसार करतात, विद्या मिळवतात, हसतात. टिसिनसच्या रणांगणावर परत जाऊन दोन माणसांचे प्राण वाचवायचे, म्हणजे या सर्वांना कधी नव्हतेच असे करून टाकायचे, हे एव्हरार्डला पक्के ठाऊक असते, आणि तरीही तो ते करतो. त्या एका स्त्रीला मात्र तो आधीच बाहेर काढतो. आपल्या भाषेत बोलायचे तर, न्यायाधीशाने संपूर्ण गावाला देहान्ताची शिक्षा सुनावून ओळखीच्या एका साक्षीदाराला सोडून द्यावे असा हा प्रकार आहे. लेखक त्याचे समर्थन करत नाही. एव्हरार्ड मूळ इतिहास श्रेष्ठ म्हणून वाचवत नाही, तो त्याचा आहे म्हणून वाचवतो, एवढे प्रामाणिकपणे सांगून अँडरसन थांबतात.

आपण विचारलेल्या निवाड्याबाबत सांगायचे तर, टाइम पॅट्रोलची स्थापना अतिदूर भविष्यातील ‘डॅनेलियन’ नावाच्या प्रगत जीवांनी केलेली आहे. इतिहास आहे तसा राहिला तरच त्यांचा उगम होतो. म्हणजे निवाडा देणारा स्वतःच पक्षकार आहे. कोणत्याही न्यायालयात हा आक्षेप पहिल्या तारखेलाच घेतला गेला असता.

उलट बाजूने हाच प्रश्न ‘स्टार ट्रेक’ मालिकेच्या ६ एप्रिल १९६७ रोजी प्रसारित झालेल्या ‘द सिटी ऑन द एज ऑफ फॉरएव्हर’ या भागात येतो. तेथे नाहीशी व्हायची आहे ती केवळ एक स्त्री. १९३० मधील मंदीच्या काळात न्यूयॉर्कमध्ये गरिबांना अन्न देणारी ही समाजसेविका जगली, तर तिच्या शांततावादी चळवळीमुळे अमेरिका महायुद्धात उशिरा उतरेल आणि हिटलर जिंकेल, असे गणित निघते. कप्तान कर्क तिच्या प्रेमात पडलेला असतो आणि रस्त्यावर भरधाव येणाऱ्या मोटारीपासून तिला वाचवू पाहणाऱ्या आपल्याच डॉक्टर मित्राला तो हाताने धरून ठेवतो. शत्रू कोणी नाही, दुष्ट कोणी नाही, ती स्त्री तर विचारानेही बरोबर आहे, फक्त तिची वेळ चुकली आहे. दुरुस्ती म्हणजे येथे कृती नाही, कृती न करणे आहे, आणि ते अधिक जड जाते. कोट्यवधींचा नाश वाचताना मन बधिर होते. एका माणसाचा होतो तेव्हा तसे होत नाही. आपली बोच शमणार नाही, पण हा भाग जरूर पाहावा.

प्रश्न : मी शासकीय सेवेतून कक्ष अधिकारी म्हणून निवृत्त झालो. मागील लेखात काळदुरुस्तीच्या ‘कार्यालयां’चा उल्लेख वाचून कुतूहल वाटले. तेथेही पदे, टिप्पण्या, मंजुऱ्या असतात काय?
— एक वाचक, ठाणे

उत्तर : असतात, आणि आपल्याला अगदी परके वाटू नये इतक्या असतात. आसिमॉव यांची इटर्निटी हे या बाबतीत आदर्श उदाहरण आहे. निरीक्षक प्रत्येक शतकात जाऊन माहिती गोळा करतो, समाजशास्त्रज्ञ तिच्यावर अभिप्राय देतो, जीवनरेखा काढणारे कर्मचारी व्यक्तिशः कोणाचे काय होईल याचे तक्ते करतात, ‘काँप्युटर’ या हुद्द्याचा अधिकारी बदल मंजूर करतो, आणि सरतेशेवटी ‘टेक्निशियन’ तो प्रत्यक्ष घडवतो. बदलाचा निर्णय सर्वांचा, पण हात एकट्या टेक्निशियनचा, म्हणून उपाहारगृहातही त्याच्याजवळ कोणी बसू इच्छित नाही. सही दुसऱ्याची आणि बोलणी आपल्याला, हा अनुभव असलेल्या प्रत्येकाला अँड्र्यू हार्लन हा टेक्निशियन नायक जवळचा वाटेल.

त्याचे काम किती बारीक असते ते पाहा. नियम असा आहे की इष्ट परिणाम साधणारा लहानात लहान बदल शोधायचा. हार्लनने पूर्वी केलेल्या एका कामगिरीत तो २२३ व्या शतकात काही मिनिटे जाऊन एका यंत्रात किरकोळ बिघाड करून ठेवतो. त्यामुळे एका तरुणाचे यंत्रशास्त्रावरील एक व्याख्यान चुकते. व्याख्यान चुकल्याने तो सौर अभियांत्रिकीकडे वळत नाही, एक साधे उपकरण तयार व्हायला दहा वर्षे उशीर होतो, आणि त्याच्या परिणामी २२४ व्या शतकातील एक युद्ध वास्तवातून पुसले जाते. त्या तरुणाला याचा पत्ता कधीच लागत नाही. गंमत अशी की शतकांतील सामान्य लोकांच्या लेखी इटर्निटी म्हणजे एका शतकाचा माल दुसऱ्या शतकात नेऊन विकणारी व्यापारी संस्था असते. बदलांविषयी त्यांना कोणी कधी सांगितलेलेच नसते.

कादंबरी पुढे जे म्हणते ते मात्र कार्यालयाच्या विनोदापलीकडचे आहे. प्रत्येक बदल युद्ध टाळण्यासाठी, दुःख कमी करण्यासाठी, सद्हेतूनेच केलेला असतो. पण अशा शेकडो सद्हेतूंची बेरीज अशी होते की माणूस कोणताही मोठा धोका पत्करेनासा होतो, अंतराळप्रवास प्रत्येक वेळी निष्फळ म्हणून छाटला जातो, आणि अखेरीस तो ताऱ्यांकडे निघतो तेव्हा आकाशगंगेत त्याच्यासाठी जागा उरलेली नसते. संस्था मोडीत काढायची की नाही हा निर्णय शेवटी त्याच टेक्निशियनच्या हाती येतो. त्याने काय केले हे कादंबरीचे नावच सांगून टाकते, त्यामुळे आम्ही रहस्यभेद केला असा ठपका आमच्यावर येणार नाही.

हलकाफुलका नमुना हवा असेल तर ‘स्टार ट्रेक : डीप स्पेस नाइन’ या मालिकेत १९९६ साली दाखवलेला कालविषयक चौकशी विभाग पाहावा. दोन रूक्ष चौकशी अधिकारी कप्तानासमोर बसून त्याने भूतकाळात काय काय हाताळले याचा जबाब घेतात. त्यांची आडनावे डल्मर आणि लक्स्ली अशी आहेत, आणि ‘एक्स-फाइल्स’ मालिका पाहिलेल्यांना ती तिच्यातील मल्डर आणि स्कली यांच्या आडनावांची अक्षरे फिरवून केली आहेत हे लगेच उमगेल.

प्रश्न : ‘लोकी’ मालिकेतील टीव्हीए हे कार्यालय पूर्णपणे नवी कल्पना आहे का?
— एक वाचक, मडगाव

उत्तर : नाही. मालिका २०२१ ची असली तरी टीव्हीए, म्हणजे ‘टाइम व्हेरिअन्स ऑथॉरिटी’, हे इतिहासाचे भलते फाटे छाटणारे कार्यालय मार्व्हलच्या चित्रकथांत १९८६ पासून आहे, आणि कारकुनी थाटाची काळव्यवस्था त्याही आधी आसिमॉव यांच्याकडे होती. मात्र येथील कर्मचारी हे स्वतःच पुसलेल्या इतिहासांतून उचललेले आणि स्मृती काढून घेतलेले लोक आहेत, ही भर चांगली आहे. नागपूरच्या वाचकांच्या प्रश्नाला ती बरीच जवळ जाते.

प्रश्न : मराठीत पानिपतावरची डॉ. जयंत नारळीकर यांची कथा सर्वांना माहीत आहे. इतिहास बदलण्याची कल्पना आपल्याकडे आहे, मग तो जागेवर आणणारी पथके आपल्या कथांत का दिसत नाहीत?
— इतिहासाच्या एक शिक्षिका, सातारा

उत्तर : ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ आपण वर्गात वाचून दाखवत असाल तर एका गोष्टीकडे विद्यार्थ्यांचे लक्ष वेधावे. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघातानंतर ज्या मुंबईत पोहोचतात, तेथे १४ जानेवारी १७६१ रोजी मराठे जिंकलेले आहेत, कारण विश्वासरावांना लागायची गोळी चाटून गेली. त्यांना तेथे आपला मुलगा सापडत नाही, ईस्ट इंडिया कंपनी मात्र चालू असलेली दिसते. ग्रंथालयात बसून ते शोधतात की इतिहास कुठे फुटला. म्हणजे अभ्यासकाची भूमिका येथे पुरेपूर आहे. दुरुस्तीची भूमिका मात्र कोणाकडेच नाही. आझाद मैदानावरील सभेत ते अध्यक्षाच्या रिकाम्या खुर्चीवर जाऊन बसतात, त्या जगाच्या रिवाजाला ते सोडून असते, लोक खवळतात आणि पंत आपल्या जगात परततात. पुरावा म्हणून त्यांच्या खिशात बखरीचे एक फाटलेले पान उरते, ज्यावर गोळी चुकल्याचे लिहिलेले आहे.

नारळीकरांना पथकाची गरज भासली नाही याचे कारण त्यांच्या भौतिकीत आहे. त्यांच्या कथेत दोन्ही इतिहास एकाच वेळी खरे आहेत. क्वांटम सिद्धांतातील अनिश्चिततेचा आधार घेऊन त्यांनी हे मांडले आहे. जेथे दोन्ही खरे, तेथे एकाला चूक ठरवून दुरुस्त करण्याचा प्रश्न येत नाही. पानिपतासारख्या जखमेवर लिहिताना ‘तेच जग बरे होते’ असे म्हणण्याचा मोह किती अनावर झाला असता, हे मराठी वाचकाला वेगळे सांगायला नको. तो मोह टाळून त्यांनी गंगाधरपंतांना केवळ वाचक ठेवले, ही आम्हाला त्या कथेची सर्वांत मोठी ताकद वाटते.

याहून मागे जायचे तर भागवतातील ककुद्मी राजाची कथा आहे. आपल्या रेवती या कन्येसाठी वर कोणता निवडावा हे विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकात जातो, तेथे गाणे चालू असल्याने थोडा वेळ थांबतो, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून जातात. मनात योजलेले सारे वर केव्हाच काळाआड गेलेले. ब्रह्मदेव हसून हे सांगतो आणि बलरामाचे नाव सुचवतो. गेलेला काळ परत आणून देण्याची मागणी राजाही करत नाही. काळ ही निस्तरण्याची नव्हे, सामावून घेण्याची बाब आहे, असा या कथेचा कल दिसतो. पण त्यावरून आपल्याकडे पथके का नाहीत याचे एकच ठाम कारण सांगणे घाईचे होईल. आपल्याकडे विज्ञानकथाच मुळात मोजक्या लिहिल्या गेल्या, हेही एक साधे कारण आहे.

प्रश्न : भौतिकशास्त्राच्या दृष्टीने यातील काही शक्य आहे का?
— अभियांत्रिकीचा विद्यार्थी, पुणे

उत्तर : भूतकाळात परतणारी वाट समीकरणांत सापडते, हे खरे. कुर्ट गोडेल यांनी १९४९ मध्ये आइनस्टाइनच्या समीकरणांचे असे एक उत्तर काढले की ज्यात संपूर्ण विश्व फिरत असते आणि पुरेसा दूरचा फेरफटका मारणारा प्रवासी आपल्याच भूतकाळात पोहोचू शकतो. १९८८ मध्ये किप थॉर्न आणि सहकाऱ्यांनी कृमिविवरातून, म्हणजे अवकाशातील दोन दूरच्या जागा जोडणाऱ्या कल्पित बोगद्यातून, असे घडू शकेल काय, याची तपासणी केली. आपले विश्व गोडेल यांच्या विश्वासारखे नाही आणि कृमिविवर कोणी पाहिलेले नाही.

परंतु तुमच्या प्रश्नाचा अधिक रंजक भाग वेगळा आहे. समजा, अशी वाट मिळाली. मग काय होईल याविषयी तीन प्रमुख मते आहेत. इगोर नोविकोव यांच्या मते भूतकाळात गेलेला माणूस तेच करील जे आधीच घडून गेले आहे, विसंगत असे काही घडणारच नाही. ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये मांडलेल्या बहुविश्वांच्या विचारानुसार बदल वेगळ्या शाखेत जाईल आणि मूळ शाखा तशीच राहील. स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ मध्ये असे अनुमान मांडले की निसर्गाचे नियमच ही वाट बंद ठेवत असावेत. २८ जून २००९ रोजी त्यांनी कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रणे मेजवानी होऊन गेल्यावर पाठवली. कोणी आले नाही. आता पाहा, तिन्ही मतांत दुरुस्तीपथक बेकारच ठरते. पहिल्यात बिघाड होत नाही, दुसऱ्यात बिघडलेले आणि न बिघडलेले दोन्ही टिकते, तिसऱ्यात तेथवर कोणी पोहोचत नाही. एकच इतिहास आणि तोही पुसून लिहिता येणारा, ही कल्पना लेखकांची आहे, आणि भौतिकीचा आधार तिलाच सर्वांत कमी आहे. तिच्यातून कथा सर्वांत चांगल्या निघतात, म्हणून ती टिकली.

प्रश्न : मला मराठीत अशी कथा लिहायची आहे. रोम किंवा न्यूयॉर्क नको, आपल्या मातीतला बिघाड हवा. काही सुचवाल का?
— एक नवोदित लेखिका, दादर, मुंबई

उत्तर : आपण राहता त्या शहरातच एक तयार बिघाड पडून आहे. १ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ लागू झाली, तेव्हा मुंबईने ती मनापासून स्वीकारली नाही. स्थानिक ‘मुंबई वेळ’ प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटे मागे होती, आणि परकीय सरकारने लादलेली वेळ नको म्हणून पुढाऱ्यांपासून गिरणी कामगारांपर्यंत अनेकांनी विरोध केला. मुंबई वेळ १९५५ पर्यंत व्यवहारात राहिली. जवळजवळ अर्धशतक एकाच शहरात दोन वेळा नांदत होत्या आणि कोणत्या वेळेने यायचे, असे विचारावे लागत होते. जुन्या आणि नव्याचा संकर होतो तेथे भिंत झिजते, हे सांगलीच्या घड्याळजींना दिलेल्या उत्तरात आलेच आहे. त्या ३९ मिनिटांत एखादा माणूस अडकला असेल काय, आणि असलाच तर त्याला बाहेर काढण्याची जबाबदारी कोणत्या खात्याची, येथून सुरुवात करता येईल.

दुसरे साहित्य आणखी अलीकडचे आहे. पृथ्वीचे फिरणे आणि अणुघड्याळे यांचा मेळ बसावा म्हणून १९७२ पासून अधूनमधून जगाच्या वेळेत एक सेकंद जादा घालतात. आजवर असे २७ सेकंद घातले गेले. शेवटचा सेकंद भारतात १ जानेवारी २०१७ च्या पहाटे आला, तेव्हा ५ वाजून २९ मिनिटे ५९ सेकंदांनंतर थेट साडेपाच न होता साठावा सेकंद मोजला गेला. दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेत, जेथे भारताची वेळ राखली जाते, तो अधिकृतपणे घातला गेला. सेकंद घालायचा की नाही हे पॅरिसहून जाहीर होते, आणि २०३५ पर्यंत ही पद्धत गुंडाळण्याचा आंतरराष्ट्रीय निर्णय २०२२ मध्ये झाला आहे. म्हणजे काळाला ठिगळ लावणारी माणसे खरोखर आहेत, पगारी आहेत, आणि त्यांचे हे काम आता बंद होणार आहे. अशा शेवटच्या कर्मचाऱ्याची कथा आमच्या तरी वाचनात आलेली नाही.

एक सूचना. बिघाडाचे स्पष्टीकरण पहिल्या पानावर देऊ नका. वर आलेल्या कथांत आधी थांबलेली घड्याळे आहेत, अनोळखी शहर आहे, न सापडणारा मुलगा आहे, आणि कारण नंतर येते. तसेच, आपल्या दुरुस्तीपथकाकडे मूळ नोंद कुठे ठेवली आहे हे लिहायला बसण्यापूर्वी स्वतःशी ठरवून घ्या. कथेत ते सांगितले नाही तरी चालेल, पण ते ठरलेले नसेल तर परभणीच्या त्या विद्यार्थिनीच्या वर्गात कथा दुसऱ्या पानापुढे जाणार नाही.